राखीव जागेवर निवडून आलात? मग जात वैधतेची मुदत अशी सांभाळा

"भाऊ, दाखला तर आला की हातात. आता कशाचं अपात्र?"

ग्रामपंचायतीच्या एक सदस्या समोर बसल्या होत्या, सोबत त्यांचे दीर. टेबलावर जात वैधता प्रमाणपत्र होतं, समितीच्या सहीशिक्क्याचं, अस्सल. जात खरी, कागद खरा, आणि निवडूनही त्या स्वतःच्या कामावर आल्या होत्या. फक्त प्रमाणपत्रावरची तारीख मुदत संपून अकरा दिवस झाल्यानंतरची होती. त्या अकरा दिवसांपायी त्यांचं सदस्यपद गेलं. आणि ते आजपासून गेलं नव्हतं, निवडून आल्याच्या दिवसापासूनच गेलं होतं, जणू त्या कधी निवडून आल्याच नव्हत्या.

तालुक्याच्या गावी निवडणुकीचे आणि जात पडताळणीचे कागद तयार करून देण्यात माझी बरीच वर्षं गेली. खोट्या दाखल्यावर खुर्ची मिळवलेल्या माणसाचं पद गेलं, तर त्याचं दुःख मानायचं कारण नाही. ती जागा दुसऱ्या कुणाच्या तरी हक्काची होती. पण ज्यांची जात खरी, पुरावा खरा, त्यांची पदं निव्वळ उशिरापायी जाताना पाहिली की जीव तुटतो. त्यात बाया जास्त, पहिल्यांदाच निवडून आलेले जास्त, आणि "पॅनलप्रमुख बघतील" म्हणून निर्धास्त राहिलेले तर सगळ्यांत जास्त. हा लेख त्यांच्यासाठी आहे.

तीन कागद, तीन अर्थ

निम्मा घोळ इथेच होतो, म्हणून आधी हे वेगळं करून घेऊ.

पहिला कागद जातीचा दाखला. तो प्रांत कार्यालयातून, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांच्या सहीने मिळतो. दुसरा कागद जात पडताळणी समितीकडे अर्ज केल्याची पावती. तिसरा कागद जात वैधता प्रमाणपत्र, म्हणजे समितीने तुमचा दाखला तपासून 'वैध' ठरवल्याचा निर्णय. उमेदवारी अर्ज पहिल्या दोन कागदांवर भरता येतो, पण पद टिकतं ते तिसऱ्यावरच. "मी अर्ज केलाय, पावती आहे माझ्याकडे" हे वाक्य छाननीच्या दिवशी उपयोगी पडतं. मुदत संपल्यावर त्याला काही किंमत नाही.

आता कायदा. ग्रामपंचायतीसाठी महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमातलं कलम १०-१अ, जिल्हा परिषद आणि पंचायत समितीच्या अधिनियमात कलम १२अ, नगरपरिषदा-नगरपंचायतींसाठी कलम ९अ आणि महापालिकांसाठी कलम ५ब. कलमं वेगवेगळी असली तरी गाभा एकच आहे. अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती किंवा नागरिकांच्या मागास प्रवर्गाच्या जागेवर उभं राहणाऱ्याने उमेदवारी अर्जासोबत जातीचा दाखला आणि वैधता प्रमाणपत्र जोडायचं. वैधता नसेल, तर समितीकडे आधीच अर्ज केल्याचा पुरावा जोडायचा आणि हमीपत्र लिहून द्यायचं, की निवडून आल्याचं घोषित झाल्यापासून अमुक महिन्यांत वैधता सादर करीन. ती केली नाही, तर निवड पूर्वलक्षी प्रभावाने, म्हणजे निवडून आल्याच्या दिवसापासूनच, रद्द झाली असं मानलं जाईल आणि ती व्यक्ती सदस्य राहण्यास अपात्र होईल.

या 'मानलं जाईल' शब्दांत सगळी धार आहे. कोणी तक्रार करायलाच हवी, सुनावणी व्हायलाच हवी, मग पद जाईल, असं नाही. मुदत संपली की पद आपोआप गेलेलं असतं. जिल्हाधिकाऱ्यांचा किंवा आयुक्तांचा आदेश नंतर येतो, पण जे घडून गेलंय तेच तो कागदावर आणतो.

पूर्वी यावर बरीच ओढाताण चालायची. समितीनेच उशीर केला तर उमेदवाराचा काय दोष, असा प्रश्न सगळेच विचारत. डिसेंबर २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सांगितलं की मुदत बंधनकारक आहे आणि नंतर मिळालेल्या प्रमाणपत्राने गेलेलं पद परत येत नाही. ऑगस्ट २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेच कायम केलं. त्या निकालानंतर कोल्हापूर महापालिकेतल्या डझनाहून जास्त नगरसेवकांचं पद टांगणीला लागलं आणि गावोगावच्या सदस्यांची धावपळ उडाली. शेवटी त्याच वर्षी सरकारने कायदा बदलून सहा महिन्यांचे बारा महिने केले. पुढे २०२३ मध्ये ग्रामपंचायती, जिल्हा परिषदा आणि पंचायत समित्यांच्या काही निवडणुकांपुरती तात्पुरती मुदतवाढ देणारा वेगळा कायदाही झाला.

हा इतिहास सांगण्याचं कारण असं, की तो ऐकून लोक म्हणतात, "सरकार वाढवून देतंच की शेवटी." तसं धरून बसू नका. दिलासा मिळेपर्यंत माणूस महिनोन्महिने कोर्टकचेरीत अडकतो, आणि तो मिळेलच याची हमी कोणीच देत नाही.

मुदत मोजा, आजच मोजा

सहा महिने की बारा? चहाच्या टपरीवर याची दोन उत्तरं मिळतील आणि दोन्ही कधी ना कधी खरी होती. नोव्हेंबर २०२५ मध्ये नगरपरिषदा आणि नगरपंचायतींचा कार्यक्रम जाहीर करताना राज्य निवडणूक आयोगाने सहा महिन्यांची मुदत सांगितली होती. म्हणून शेजारच्या गावातल्या सरपंचाला किती मुदत होती ते विचारत बसू नका. तुम्ही स्वतः सही केलेलं हमीपत्र काढा. त्यावर जो आकडा आहे तो तुमचा. प्रत जवळ नसेल तर निवडणूक निर्णय अधिकाऱ्यांच्या कार्यालयातून नक्कल मागून घ्या. उमेदवारी अर्जासोबतची कागदपत्रं तिथे असतात.

मोजणी सुरू होते ती निवडून आल्याचं घोषित झाल्याच्या तारखेपासून. शपथविधीपासून नाही, पहिल्या सभेपासून नाही, सरपंचपदाचा पदभार घेतल्यापासूनही नाही. तुम्हाला जे निवडून आल्याचं प्रमाणपत्र मिळालं, त्यावरची तारीख बघा. बिनविरोध आलेल्यांनी तर ती आवर्जून बघावी, कारण त्यांच्या बाबतीत मतमोजणीच्या तारखेवर विसंबून चालत नाही.

आता एक तारीख धरून बघू. नगरपरिषदांचा निकाल २१ डिसेंबर २०२५ ला लागला. त्या दिवशी घोषित झालेल्या आणि हमीपत्रात सहा महिने लिहिलेल्या सदस्याची मुदत २१ जून २०२६ च्या आसपास भरते. २१ जूनला रविवार आहे. २० जूनला शनिवार, म्हणजे सरकारी कार्यालयं बंद. म्हणजे हाताशी असलेला शेवटचा कामाचा दिवस शुक्रवार, १९ जून. शेवटचा दिवस सुट्टीचा असला तर पुढचा दिवस धरतात का, हा वाद वकिलांसाठी ठेवा. आपण १९ तारीख धरायची.

त्याच्या अलीकडे काय काय येतं तेही बघा. मे महिन्याचा मधला काळ ते जूनची सुरुवात उच्च न्यायालयाला उन्हाळी सुट्टी असते, फक्त तातडीची कामं सुट्टीतल्या पीठापुढे चालतात. आणि मे-जूनमध्ये इंजिनिअरिंग-मेडिकलच्या प्रवेशासाठी वैधता हवी असलेल्या पोरांची गर्दी समितीच्या दारात असते. म्हणजे कागदावर सहा महिने दिसले तरी कामाचे महिने जेमतेम चार. भिंतीवरच्या कॅलेंडरवर शेवटच्या तारखेला लाल गोल करा, त्याच्या दोन महिने आधी दुसरा गोल करा. त्या दुसऱ्या गोलाचं काम पुढे सांगतो.

घरात आधीच असेल तर?

हसू नका, हे घडलेलं आहे. एका तरुण सदस्याने चार महिने समितीचे खेटे घातले. त्याने बारावीनंतर डिप्लोमाला प्रवेश घेताना स्वतःचीच वैधता काढलेली होती. ती कॉलेजच्या फाइलला लागलेली, तो विसरून गेलेला. वैधता प्रमाणपत्र एकदा मिळालं की ते शिक्षणाला वेगळं, नोकरीला वेगळं, निवडणुकीला वेगळं असं नसतं. तेव्हा आधी ट्रंक उघडा, जुन्या कॉलेजात विचारा.

भावाची किंवा चुलत्याची वैधता तुमच्याऐवजी चालत नाही. पण पुरावा म्हणून तिच्याइतकी भक्कम चीज नाही. वडिलांकडच्या रक्तनात्यातल्या माणसाला रीतसर चौकशी होऊन वैधता मिळालेली असेल, तर समितीने तिला वजन द्यावं हे उच्च न्यायालयाने २०१० पासून आणि सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये स्पष्ट सांगितलं आहे. म्हणून भाऊबंदकीत कोणाकडे वैधता आहे याची यादी करा. बोलणं बंद असलेल्या चुलत्याच्या दारातही जा. निवडणुकीत त्याच्या विरोधात उभे राहिला असाल तरी जा.

फाइल कशी बांधायची

हा भाग सगळ्यांत महत्त्वाचा, म्हणून सावकाश वाचा.

पडताळणीच्या कायद्यात, म्हणजे २००० च्या अधिनियमात, जात सिद्ध करण्याची जबाबदारी अर्जदारावर टाकलेली आहे. समिती तुमच्यासाठी पुरावा शोधायला बसलेली नाही. तुम्ही दाखवायचं, त्यांनी तपासायचं. आणि दाखवायचं काय, तर तुमचे पूर्वज मानीव दिनांकाच्या, म्हणजे त्या त्या प्रवर्गासाठी ठरलेल्या तारखेच्या, आधीपासून त्या जातीचे म्हणून नोंदलेले आहेत. अनुसूचित जातीसाठी ही तारीख १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त जाती-भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१, आणि इतर मागास वर्ग व विशेष मागास प्रवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७. तुमच्या आजोबांचा त्या तारखेआधीचा एक शाळेचा उतारा तुमच्या स्वतःच्या दहा अलीकडच्या दाखल्यांपेक्षा जड असतो.

आधी कोऱ्या कागदावर वंशावळ काढा. पणजोबा, आजोबा, त्यांचे भाऊ, वडील, चुलते, आत्या, तुम्ही. घरातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या माणसाजवळ बसून काढा, कारण कागदावर 'धोंडिबा' असलेला माणूस घरात 'आबा' असतो आणि त्याचं शाळेतलं नाव फक्त आत्याला ठाऊक असतं. हीच वंशावळ पुढे शपथपत्रावर जाणार आहे. तिच्यात एक नाव चुकलं की पुढचे सगळे कागद एकमेकांशी भांडायला लागतात.

मग वंशावळीतल्या प्रत्येक नावासमोर पुरावा शोधायचा. प्राथमिक शाळेच्या जनरल रजिस्टरचा उतारा, म्हणजे प्रवेश-निर्गम नोंद, हा पहिला. गावात शाळा उशिरा सुरू झाली असेल तर आजोबा शेजारच्या गावच्या शाळेत जात असत, तिथे विचारा. आजोबा शिकलेच नसतील तर त्यांचे धाकटे भाऊ शिकले असतील, त्यांचा उतारा चालतो. दुसरं ठिकाण तहसील कार्यालयाचं अभिलेख कक्ष. तिथे गाव नमुना १४, म्हणजे जन्म-मृत्यूच्या नोंदी, ज्याला लोक कोतवाल बुक म्हणतात, ती असते. आत्याच्या जन्माच्या नोंदीत तिच्या बापाची जात लिहिलेली सापडते आणि काम होऊन जातं. तिसरं, जमिनीचे जुने कागद: हक्क नोंद, फेरफार, खासरा पत्रक, पाहणी पत्रक. चौथं, सरकारी नोकरी केलेल्या पूर्वजाचं सेवापुस्तक.

जुना कागद मोडीत असेल तर घाबरू नका आणि स्वतः अर्थ लावून शपथपत्रही करू नका. मोडी जाणणाऱ्या अधिकृत लिप्यंतरकाराकडून देवनागरी करून घ्या आणि मूळ कागदाच्या नकलेला जोडून द्या. कुणबी नोंदींच्या बाबतीत हे फार येतं. तिथे आणखी एक गोष्ट ध्यानात घ्या: गावात कुणबी नोंद सापडणं वेगळं आणि त्या नोंदीतला माणूस तुमचा पणजोबा आहे हे दाखवणं वेगळं. मधली प्रत्येक पिढी कागदाने जोडावी लागते.

उतारा हातात आला की एकदा स्वतः शाळेत जाऊन मूळ रजिस्टर डोळ्यांनी बघा. मुख्याध्यापकांना विनंती केली की ते दाखवतात. का बघायचं? कारण समितीला शंका आली तर तिचं चौकशी करणारं दक्षता पथक तिथेच जाणार आहे. एका फाइलमध्ये आजोबांच्या नावापुढची जात वेगळ्या शाईने, वेगळ्या अक्षरात लिहिलेली निघाली. कोणी, कधी लिहिली, घरात कोणालाच माहीत नव्हतं. बाकीचे पुरावे चांगले असूनही तो एक कागद फाइलमध्ये घातल्यामुळे सगळ्यावरच संशय आला. आधी बघितलं असतं तर तो कागद आम्ही घातलाच नसता. आणि खाडाखोड करून देणाऱ्या एजंटाला तर दारातूनच परत पाठवा. खोटा दाखला मिळवणं हा सहा महिने ते दोन वर्षं कैदेचा गुन्हा आहे.

विवाहित महिलांसाठी दोन ओळी जास्त. जात माहेरची, म्हणून पुरावे सगळे वडिलांकडचे लागतात. नवऱ्याच्या घरचा एकही उतारा कामाचा नाही. लग्नाआधीचं आणि नंतरचं नाव एकाच बाईचं आहे हे विवाह नोंदणीच्या दाखल्याने किंवा राजपत्राने दाखवा. आणि अर्ज कुठे करायचा, तर जातीचा दाखला ज्या जिल्ह्यातून मिळाला त्या जिल्ह्याच्या समितीकडे. बीडची लेक साताऱ्यात सून होऊन सरपंच झाली आणि दाखला बीडचा असला, तर समितीही बीडची. हे न कळल्याने अर्ज चुकीच्या जिल्ह्यात पडून राहिलेले मी पाहिले आहेत. अनुसूचित जमातीच्या अर्जांसाठी समित्याच वेगळ्या, आदिवासी विकास विभागाच्या अखत्यारीतल्या.

अर्ज भरताना मोबाइल नंबर कोणाचा?

सुरुवातीला ज्या ताई सांगितल्या, त्यांचे अकरा दिवस कुठे गेले ते ऐका. अर्ज ऑनलाइन भरायचा असतो. तालुक्याच्या एका सायबर कॅफेत त्यांनी तो भरला. कॅफेवाल्याने मोबाइल नंबर आणि ईमेल स्वतःचाच टाकला, कारण ताईंकडे ईमेल नव्हता आणि ओटीपी पटकन यायला हवा होता. समितीने त्रुटी काढली: आजोबांच्या उताऱ्याची प्रत अस्पष्ट, मूळ नक्कल सादर करा. साधी गोष्ट, दोन दिवसांचं काम. पण निरोप गेला कॅफेवाल्याच्या फोनवर, रोजच्या शेकडो निरोपांत बुडाला, आणि फाइल सात आठवडे 'त्रुटीपूर्तीसाठी प्रलंबित' राहिली.

म्हणून नंबर तुमचा, ईमेल तुमचा किंवा घरातल्या जबाबदार पोराचा, पासवर्ड तुमच्या वहीत. अर्जाचा हेतू 'निवडणूक' निवडलाय ना, तेही बघा. ऑनलाइन अर्ज भरून काम संपत नाही. त्याची छापील प्रत, शपथपत्रं आणि कागद समितीत नेऊन द्यावे लागतात. तिथून शिक्का आणि तारीख असलेली पोच घ्या. दर सोमवारी पोर्टलवर स्थिती बघा, पंधरा दिवसांनी एकदा स्वतः जा. त्रुटी निघाली की दोन-चार दिवसांत पूर्ण करा आणि पूर्ततेचीही पोच घ्या. पुढे हायकोर्टात जायची वेळ आली, तर तुमच्या बाजूने बोलणारे हेच पोचेचे शिक्के असतात.

अर्ज कधी करायचा, याचं खरं उत्तर 'निवडणूक लागण्याआधी' हेच आहे. आरक्षण सोडत निघाली आणि आपल्या प्रभागावर नामाप्रची, म्हणजे नागरिकांच्या मागास प्रवर्गाची, चिठ्ठी आली, की दुसऱ्या दिवशी कामाला लागा. उमेदवारी भरण्याच्या आठवड्यात समितीच्या दारात जी रांग लागते, त्या रांगेतल्या प्रत्येकाची फाइल अर्धवट असते. ती फक्त पावतीसाठी केलेली असते.

दक्षता पथक आणि सुनावणी

कागद पुरेसे वाटले तर समिती थेट निर्णय देऊ शकते. शंका असली तर प्रकरण दक्षता पथकाकडे जातं. पथकातले पोलीस अधिकारी शाळेत जातात, गावात जातात, घरच्यांचे जबाब घेतात. जमातीच्या दाव्यात संशोधन अधिकारी रूढी, कुलदैवत, लग्नाच्या चालीरीती, बोली यांविषयी विचारतात. शहरात दोन पिढ्या काढलेल्या माणसाला यातलं सगळं येत नाही, आणि आलं नाही म्हणून दावा संपत नाही. चालीरीती विचारण्याची ही आप्तभाव चाचणी एकमेव कसोटी नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ च्या निकालात सांगितलं आहे. जबाब देताना माहीत आहे ते सांगा, माहीत नाही ते पाठ करून सांगू नका.

पथकाचा अहवाल विरोधात गेला तर तुम्हाला नोटीस आणि अहवालाची प्रत मिळते. प्रत मिळाली नसेल तर लेखी मागा. नोटिशीतल्या मुदतीत मुद्देसूद उत्तर द्या. सुनावणीची तारीख चुकवू नका आणि स्वतःहून पुढची तारीख मागू नका. घड्याळ तुमचं चाललंय, समितीचं नाही.

दुसरा लाल गोल

शेवटच्या तारखेला दोन महिने उरले आणि वैधता आली नाही, तर इथून वेगळं वागायचं.

त्याच दिवशी समितीच्या अध्यक्षांना अर्ज द्या: मी राखीव जागेवर निवडून आलो आहे, घोषणेची तारीख ही, मुदत संपते ती ही, त्रुटी या तारखेला पूर्ण केल्या, तरी प्रकरण प्राधान्याने निकाली काढावं. सोबत निवडून आल्याचं प्रमाणपत्र आणि हमीपत्र जोडा. पोच घ्या. पंधरा दिवसांत हालचाल झाली नाही तर स्मरणपत्र, पुन्हा पोच. आणि त्याच आठवड्यात उच्च न्यायालयातल्या वकिलाला गाठा.

समितीला मुदतीत निर्णय द्यायला सांगा, अशी रिट याचिका करता येते. समितीने दावा फेटाळला असेल तर त्या आदेशाविरुद्ध खाली कुठेही अपील नाही, उच्च न्यायालयातच जावं लागतं. यातली सगळ्यांत मोलाची गोष्ट सर्वोच्च न्यायालयाच्या मार्च २०२० च्या निकालात आहे. मुंबई महापालिकेच्या एका नगरसेविकेचा दावा समितीने फेटाळला होता, आणि मुदत संपण्याआधीच तिने उच्च न्यायालयातून अंतरिम स्थगिती मिळवली होती. तिचं पद आपोआप गेलं का, हा प्रश्न दिल्लीपर्यंत गेला. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की पद गेलं असं मानण्याची वेळ येण्याआधी उच्च न्यायालय अंतरिम आदेशाने ते थांबवू शकतं.

'आधी' या शब्दाखाली दोन रेघा ओढा. मुदत संपायच्या आदल्या दिवशी मिळालेला आदेश पद वाचवतो. तोच आदेश मागायला मुदतीनंतर गेलं, तर बहुतेक वेळा उशीर झालेला असतो. वकीलही तयारीला चार दिवस मागतो, नकला, वकालतनामा, तारीख लागणं, हे सगळं धरूनच दोन महिने म्हणालो. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या लोकांना आता मुंबई गाठावी लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झालं आहे. मराठवाड्याला छत्रपती संभाजीनगर आणि विदर्भाला नागपूर आहेच.

खर्चाचा हिशेबही विसरू नका

याच्याइतकंच पदं घालवणारं दुसरं कागदी काम म्हणजे निवडणूक खर्च. निकालापासून ३० दिवसांत हिशेब द्यायचा असतो. जिंकलेल्याने, हरलेल्याने, बिनविरोध आलेल्यानेही. ग्रामपंचायतीच्या बाबतीत कलम १४ब खाली हिशेब न दिल्याबद्दल पाच वर्षांसाठी अपात्र ठरवता येतं. वेगळं बँक खातं, पावत्या, आयोगाच्या ट्रू व्होटर ॲपमधली नोंद आणि तहसीलमध्ये दिलेल्या हिशेबाची पोच, एवढं एका पिशवीत ठेवा. इथे एक दिलासा आहे: उशिराला सबळ कारण असेल तर ते ऐकून घेण्याची सोय कायद्यात आहे. आजारपण, अपघात झाला असेल तर दवाखान्याचे कागद जोडून नोटिशीला उत्तर द्या. वैधतेच्या मुदतीत मात्र असं कारण ऐकणारं कोणी नाही, आणि या दोन्हीची गल्लत करून लोक बसून राहतात.

प्रमाणपत्र मिळाल्याच्या दिवशी

समितीने वैधता दिली की काम झालं असं समजून पेढे वाटायला जाऊ नका. कायदा 'मिळवा' म्हणत नाही, 'सादर करा' म्हणतो. समितीने मुदतीत दिलेलं प्रमाणपत्र कपाटात राहिलं तर ते न दिल्यासारखंच.

आधी प्रमाणपत्रावरचं नाव, वडिलांचं नाव, जात, दाखल्याचा क्रमांक आणि तारीख वाचा. चूक असेल तर तिथल्या तिथे दुरुस्ती मागा. लॅमिनेशन करू नका. चार साक्षांकित प्रती काढा. ग्रामपंचायत सदस्य आणि सरपंचांनी एक प्रत तहसील कार्यालयात, एक जिल्हाधिकारी कार्यालयाच्या ग्रामपंचायत निवडणूक शाखेत आणि एक ग्रामपंचायतीच्या दप्तरी द्यावी. नगरपरिषदेच्या सदस्यांनी जिल्हाधिकारी कार्यालय आणि मुख्याधिकारी, महापालिकेच्या नगरसेवकांनी आयुक्तांचं कार्यालय. ठिकाणाविषयी शंका असेल तर दोन्हीकडे द्या, जास्त दिल्याने काही बिघडत नाही. वर साधं पत्र: अमुक निवडणुकीत अमुक प्रभागातून निवडून आलो, हमीपत्राप्रमाणे वैधता प्रमाणपत्र सादर करत आहे.

आवक लिपिकाकडून तुमच्या प्रतीवर शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख घ्या. "ठेवून जा, साहेब आले की घेतो" म्हटलं तर थांबा. साहेब येईपर्यंत थांबा. त्या ताईंचे दीर नंतर मला म्हणाले, "आम्हाला कोणी तरी सांगायला पाहिजे होतं, भाऊ." आता त्यांच्याच वाड्यातली एक सून पंचायत समितीला उभी राहायचं म्हणते आहे. तिचा अर्ज समितीत गेला आहे, नंबर तिचा स्वतःचा आहे, आणि फाइलमध्ये पहिला पुरावा म्हणून तिच्या माहेरच्या चुलत्याची वैधता लावली आहे.